सुलोचना कोल्हापूरला का आली?

एक प्रश्न विचारते. कन्नड भाषेतला पहिला बोलपट कुठे तयार झाला? बंगळुरू? म्हैसूर? मद्रास? मी पण हीच तीन नावं घेतली होती आणि तिन्ही चुकली. बरोबर उत्तर आहे कोल्हापूर!

हा प्रश्न माझ्या डोक्यात आला तो आमच्या हॉस्टेलमधल्या एका रात्रीमुळे. सबमिशन संपलं होतं, पाऊस पडत होता, आणि एका लॅपटॉपसमोर आम्ही अकरा जणी ‘के.जी.एफ.’ पाहत होतो. दोन्ही भाग, सलग! पडद्यावर खाणीचा तो काळा-करडा डोंगर, धूळ, हजारो मजूर, आणि मध्ये यश. कुणीतरी म्हणालं, “साऊथवालेच असं करू शकतात बाई. आपल्याकडे नाही होत.” सगळ्यांनी माना हलवल्या. मी पण हलवली.

फक्त माझी रूममेट गप्प होती. ती तुमसरकडची. तिचे बाबा चिखल्याच्या मॅंगनीज खाणीत कामाला आहेत. ती म्हणाली, “खाण अशी नसते. खाली गेलं की डोक्यावरच्या दिव्याएवढंच दिसते. त्यांनी हे एवढं सगळं दाखवलं कसं, ते सांगा ना कोणी!” त्यावर एकीनेही तोंड उघडलं नाही. इंजिनिअरिंगच्या अकरा पोरी, आणि सिनेमा कसा बनतो ते एकीलाही धड सांगता येईना. तेव्हा जरा लाजच वाटली. म्हणून हा लेख.

आधी बोलपटाची अडचण

मूकपटाला भाषा नसते. मधल्या पाट्या बदलल्या की कोल्हापूरचा चित्रपट बंगळुरूला चालायचा आणि बंगळुरूचा कोल्हापूरला. 14 मार्च 1931 ला मुंबईत ‘आलम आरा’ लागला आणि ही सोय संपली. चित्रपट बोलायला लागला, पण त्याच क्षणी तो एका भाषेत अडकला. आता प्रत्येक भाषेला स्वतःचा चित्रपट हवा झाला. त्यासाठी ध्वनियंत्र हवं, स्टुडिओ हवा, जाणकार माणसं हवी, आणि हे सगळं मोजक्याच गावांत होतं. म्हणून तमिळमधला ‘कालिदास’ (1931) मुंबईत तयार झाला. तेलुगूतला ‘भक्त प्रल्हाद’ (1932) पण मुंबईतच.

कन्नडची पाळी 1934 मध्ये आली. बंगळुरूचे व्यापारी चमनलाल डुंगाजी यांनी पैसा घातला, साउथ इंडिया मूव्हीटोन नावाची कंपनी काढली आणि ‘सती सुलोचना’ करायचं ठरवलं. दिग्दर्शक वाय. व्ही. राव. सुब्बय्या नायडू इंद्रजिताच्या भूमिकेत, आर. नागेंद्र राव रावणाच्या आणि त्रिपुरांबा सुलोचनेच्या. लक्ष्मण स्वतः वाय. व्ही. राव झाले. संवाद आणि गाणी बेळ्ळावे नरहरी शास्त्री यांची. पण बंगळुरूत बोलपटाचा स्टुडिओच नव्हता! मग ही सगळी मंडळी कोल्हापूरला आली आणि तिथल्या छत्रपती स्टुडिओत सुमारे दोन महिन्यांत चित्रपट पूर्ण केला. खर्च साधारण 40,000 रुपये. 3 मार्च 1934 रोजी तो बंगळुरूला प्रदर्शित झाला.

कथा तुम्हाला माहीत असेल. सुलोचना शेषाची मुलगी आणि इंद्रजिताची बायको. लक्ष्मण हा शेषाचाच अवतार. म्हणजे लंकेच्या युद्धात इंद्रजिताला मारणारा तिच्या बापाचाच अंश! देवाची गोष्ट असली तरी गाभ्याला आहे लढाई. आजच्या भाषेत सांगायचं तर कन्नडच्या पहिल्याच बोलपटात ‘फाइट’ होती.

आता खरा प्रश्न. कोल्हापूरच का?

चोरबाजार, लेथ आणि सोळा दात

त्यासाठी वीस वर्षं मागे जावं लागतं. दादासाहेब फाळके 1912 साली लंडनला गेले, सेसिल हेपवर्थ यांच्याकडे तंत्र पाहिलं आणि विल्यमसन कॅमेरा, फिल्मला भोकं पाडायचं यंत्र असं सामान घेऊन परत आले. 3 मे 1913 ला ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. तो ज्यांनी वेड्यासारखा पाहिला त्यांत कोल्हापूरचे दोन चुलतभाऊ होते, आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री. घराणं सुतारकाम, मूर्तिकाम करणारं. दोघे नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे, म्हणून लोक त्यांना पेंटरच म्हणायचे.

यांच्याकडे विलायतेला जायला पैसे नव्हते. मुंबईच्या बाजारातून त्यांनी एक जुना प्रोजेक्टर आणला आणि त्याचा कॅमेरा होतो का ते पाहायला लागले. 1916 मध्ये आनंदराव वारले. काम अर्धवटच होतं. पुढे बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांना सोबत घेऊन ते पुरं केलं, आणि 1918 मध्ये विल्यमसनच्या धर्तीवर, पण कोल्हापुरात घडवलेला कॅमेरा तयार झाला. महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल दिलं तानीबाई कागलकर या गायिकेने. हे मुद्दाम लिहिते, कारण इतिहास सांगताना कॅमेऱ्याचं नाव येतं, पैसे देणाऱ्या बाईचं राहून जातं.

आता आपल्या अभ्यासाकडे येऊ. कॅमेरा बनवणं म्हणजे नक्की काय बनवणं? भिंग विकत मिळतं. डबा सुतार करतो. अवघड आहे ती फिल्म ‘थांबत-थांबत’ पुढे नेणं. फिल्म सरळ ओढली तर फोटो नाही, नुसता पुसट पट्टा उमटेल. प्रत्येक चौकट भिंगासमोर येऊन थांबली पाहिजे, उजेड घेतला पाहिजे, झडप बंद झाली पाहिजे आणि मगच पुढची चौकट आली पाहिजे.

थिअरी ऑफ मशीन्समध्ये आपण जिनिव्हा मेकॅनिझम शिकतो. चार खाचांचं चाक आणि एका पिनचा ड्रायव्हर. परीक्षेत आकृती काढतो, पाच मार्क घेतो आणि विसरतो. प्रोजेक्टरच्या पोटात नेमकं हेच असतं! ड्रायव्हर एक फेरा मारतो, त्यातले 90 अंश चाक फिरतं आणि उरलेले 270 अंश स्थिर राहतं. चाकाच्याच दांड्यावर 16 दातांचा स्प्रॉकेट. चाक पाव फेरा फिरलं की चार दात सरकतात. 35 मि.मी. फिल्मवर एका चौकटीला प्रत्येक बाजूला चार भोकं असतात. म्हणजे पाव फेऱ्यात बरोबर एक चौकट. किती सुंदर! कॅमेऱ्यात याच कामाला बहुधा पंजा असतो. तो भोकात शिरतो, फिल्म खाली ओढतो, बाहेर येतो, वर जातो आणि पुन्हा शिरतो. हाताने दांडी फिरवायची, एका फेऱ्यात आठ चौकटी. सेकंदाला दोन फेरे म्हणजे 16 चौकटी. कॅमेरामनचं मनगट हीच मोटर!

आणि चूक किती चालते? मी हिशोब करून पाहिला. चौकटीची उंची साधारण 18 मि.मी. धरा आणि पडदा 4 मीटर उंच धरा. म्हणजे चित्र सुमारे 222 पट मोठं होतं. पंजा किंवा भोक 0.1 मि.मी. जरी चुकलं तरी पडद्यावर चित्र 22 मि.मी. उडणार, तेही प्रत्येक सेकंदाला सोळा वेळा. प्रेक्षकाचं डोकं दुखायला तेवढं पुरे. आम्ही वर्कशॉपमध्ये फायलिंगचा जॉब करतो तेव्हा अर्धा मि.मी. चुकला तर “चालून जाते” म्हणतो. कोल्हापुरात 1918 मध्ये चालून गेलं नसतं.

‘सिंहगड’: दिवे लावून लढाई

या कंपनीचा पहिला मोठा चित्रपट ‘सैरंध्री’ 1920 मध्ये पुण्याला लागला. त्यातला भीमाने केलेला कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरने त्याला कात्री लावली. ‘अॅक्शन’ची ताकद मराठी प्रेक्षकाला तेव्हाच कळली असणार.

पण माझ्या मते आजच्या अॅक्शनपटाचा खरा पूर्वज म्हणजे 1923 चा ‘सिंहगड’. तानाजीची गोष्ट, हरि नारायण आपटे यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ कादंबरीवरून. शेलारमामाचं काम एका तरुण पोराने केलं होतं, त्याचं नाव व्ही. शांताराम. अडचण ही होती की गड रात्री चढला होता. त्या काळची फिल्म आळशी, तिला भरपूर ऊन लागायचं. म्हणून स्टुडिओंची कामं दिवसाच व्हायची. शिवाय ती लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती. लाल पागोटं पडद्यावर काळं दिसायचं. बाबूरावांनी या चित्रपटात विजेचे दिवे वापरून रात्रीची दृश्यं घेतली. आपल्या देशात कृत्रिम प्रकाश वापरणाऱ्या पहिल्या चित्रपटांत ‘सिंहगड’चं नाव घेतात. रंगवलेल्या पडद्यांच्या जागी खरे, घडीव सेट उभे करण्याचं श्रेय पण बाबूरावांनाच देतात. ज्याने आयुष्यभर पडदे रंगवले त्यानेच पडदे काढून टाकले!

या कंपनीत नुसते चित्रपट नाही, माणसं पण तयार झाली. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर तिथेच शिकले, बाहेर पडले आणि सीताराम कुलकर्णींसह 1 जून 1929 ला त्यांनी कोल्हापुरातच प्रभात कंपनी काढली. 1932 चा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट त्यांचाच. म्हणजे सुलोचना कोल्हापूरला आली तेव्हा त्या गावाला कॅमेऱ्याची सोळा वर्षांची आणि आवाजाची दोन वर्षांची सवय होती. सुतार, रंगारी, दिवेवाले, शिंपी, घोडेवाले, सगळे सेटवर काम केलेले. स्टुडिओ म्हणजे चार भिंती नाहीत. एखाद्या गावाच्या हाताला लागलेलं वळण म्हणजे स्टुडिओ.

आवाज आला, आता दांडी चालणार नाही

मूकपटात हात जरा हळू-जलद झाला तरी चालायचं. आवाज आला की वेग चुकला म्हणजे सूर चुकला. म्हणून दांडी गेली, मोटर आली आणि वेग ठरला सेकंदाला 24 चौकटी. एक चौकट 19 मि.मी. म्हणजे सेकंदाला 456 मि.मी. फिल्म.

पुढची गंमत बघा. चित्राला फिल्म थांबत-थांबत हवी, आवाजाला अखंड वाहती हवी. एकाच पट्टीला दोन विरुद्ध चाली! यावरचा उपाय साधा आहे. प्रोजेक्टरमध्ये आवाज वाचायची जागा चित्राच्या जागेपासून दूर ठेवायची आणि मध्ये फिल्मला ढिला वळसा द्यायचा, म्हणजे धक्के तिथेच जिरतात. म्हणून फिल्मवर आवाज त्याच्या चित्रापेक्षा सुमारे 20 चौकटी पुढे छापतात. 20 गुणिले 19 म्हणजे 38 सें.मी., वेळात मोजलं तर पाऊण सेकंदापेक्षा थोडं जास्त. इंद्रजिताच्या ओठांची चौकट भिंगासमोर असते तेव्हा त्याच्या शब्दाची जागा 38 सें.मी. पलीकडे वाचली जात असते, आणि आपल्याला दोन्ही एकत्र ऐकू-दिसतं.

पार्श्वगायन आपल्याकडे 1935 मध्ये आलं. त्याआधी नटाने कॅमेऱ्यासमोर स्वतःच गायचं. म्हणून ‘सती सुलोचना’त नाटकवाले होते. सुब्बय्या नायडू आणि नागेंद्र राव दोघेही रंगभूमीवर तयार झालेले, आणि रावणाचं काम करणाऱ्या नागेंद्र रावांनी संगीताची बाजू पण सांभाळली. दहा तोंडांचा रावण म्हणतात ते उगीच नाही!

दुर्दैव हे की तो चित्रपट आज पाहायला मिळत नाही. प्रतच उरलेली नाही. दोन महिने कोल्हापुरात कन्नड घुमलं असेल, जेवणाच्या पंगतीला तांबड्या रश्शासमोर म्हैसूरकडची माणसं बसली असतील... हे आता कल्पनेतच.

पुन्हा के.जी.एफ.

‘के.जी.एफ.’चा पहिला भाग 21 डिसेंबर 2018 ला आला, दुसरा 14 एप्रिल 2022 ला. दिग्दर्शक प्रशांत नील, छायाचित्रण भुवन गौडा, संगीत रवी बस्रूर. कोलारची सोन्याची खाण खरी आहे. 1880 मध्ये जॉन टेलर कंपनीने तिथे काम सुरू केलं, 1902 मध्ये शिवनसमुद्रहून वीज आणली, खाण तीन किलोमीटरपेक्षा खोल गेली आणि 2001 मध्ये बंद पडली. सोनं काढून उरलेल्या मातीचे डोंगर अजून तिथे आहेत. चित्रपटवाल्यांनी त्या डोंगरांच्या परिसरातच सेट लावून चित्रण केलं. पुढचं काम संगणकाने केलं. पहिल्या भागाला 66 व्या राष्ट्रीय पुरस्कारांत साहसदृश्यांसाठी आणि स्पेशल इफेक्ट्ससाठी पुरस्कार मिळाले.

रूममेटच्या प्रश्नाचं उत्तर इथे आहे. खाणीत खाली उजेड नसतो, म्हणून त्यांनी खाण वर आणली. उघड्यावर सेट, उन्हात धूळ, आणि रंग नंतर उतरवून सगळं कोळशासारखं केलं. बाबूरावांनी रात्र दिसावी म्हणून दिवे लावले, यांनी काळोख दिसावा म्हणून ऊन वापरलं. अडचण एकच, शंभर वर्षांच्या अंतराने.

आणि भाषेचं कोडं पण सुटलं. ज्या आवाजाने 1931 मध्ये चित्रपटाला एका भाषेत अडकवलं, तोच आवाज आता चित्रापासून वेगळा काढता येतो. म्हणून एकच चित्रपट कन्नड, हिंदी, तेलुगू, तमिळ, मल्याळममध्ये लागला आणि भंडाऱ्याच्या मुलींनी तो हिंदीत पाहिला. दुसऱ्या भागाचा संकलक उज्ज्वल कुलकर्णी. ते काम हाती आलं तेव्हा तो साधारण आपल्याच वयाचा होता. हे वाचून आमच्या खोलीत थोडा वेळ शांतता पसरली होती.

आमचं काय?

कोल्हापूरची गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा मी धावत जाऊन मैत्रिणींना सांगितलं, “बघा, त्यांचा पहिला बोलपट आपल्याकडे बनला!” फार मिरवलं. मग रूममेट म्हणाली, “हो, पण तू काय केलं त्यात?” विदर्भातली माणसं सरळ बोलतात.

तिला असं बोलायचा हक्क होता. कारण त्याच आठवड्यात आमच्या ग्रुपने मिनी प्रोजेक्ट तयार विकत आणायचं ठरवलं होतं. चौघींनी मिळून 1,500 रुपये अॅडव्हान्स पण दिला होता. विषय होता पुराच्या पातळीचा अलार्म. कारध्याला वैनगंगेची धोक्याची पातळी 245.50 मीटर, हा आकडा इथे पानटपरीवरच्या माणसालाही पाठ असतो. ऑगस्ट 2020 च्या पुरात पाणी कुठवर आलं होतं ते लोक अजून भिंतीवर हात लावून दाखवतात. अशा गावात राहून आम्ही पुराचा अलार्म पुठ्ठ्याच्या खोक्यात आयता आणणार होतो. आतली वायर कुठे जाते तेही आम्हाला माहीत नसणार होतं.

अॅडव्हान्स बुडाला. दोघी माझ्यावर चिडल्या, त्यातली एक अजून नीट बोलत नाही. पण आम्ही तो स्वतः केला. पी.व्ही.सी. पाइप, थर्माकोलचा तरंगता गोळा, त्यात लोहचुंबक, पाइपला बाहेरून चार रीड स्विच, बॅटरी आणि भोंगा. हॉस्टेलच्या मागच्या ड्रममध्ये चाचणी घेतली. पहिला, दुसरा, चौथा स्विच वाजला. तिसरा वाजेना! दोन रात्री गेल्या तेव्हा कळलं की गोळा वर येताना पाइपमध्ये फिरतो, आणि चुंबक नेमका तिथे पाठ करतो. मग गोळ्याच्या चारही बाजूंना चुंबक बसवले आणि तिसरा वाजला. आम्ही रात्री दीड वाजता इतक्या ओरडलो की रेक्टर मॅडम खाली आल्या. रागावल्या, आणि मग त्यांनीच ड्रममध्ये पाणी ओतून एकदा वाजवून पाहिला.

मार्कांचं विचाराल तर तयार प्रोजेक्टवाल्यांना आमच्यापेक्षा दोन जास्त मिळाले. त्यांचा डबा चकचकीत होता. खोटं कशाला सांगू, वाईट वाटलं. पण व्हायवात “हे चार चुंबक का?” असं विचारलं तेव्हा चौघींनी एकदम उत्तर दिलं, माझ्याशी न बोलणारीने पण.

आमचा अलार्म म्हणजे कोल्हापूरचा कॅमेरा नाही, हे मला कळतं. तो अजून नदीवर गेलेला नाही, ड्रममध्येच आहे. गढूळ पाण्यात, वाहत्या काडीकचऱ्यात तो टिकेल का हे पावसाळ्यात पाहायचं आहे. कुणाला यायचं असेल तर लेडीज हॉस्टेलच्या नोटीस बोर्डावर नाव लिहा. लेथवर हात बसलेला कुणी असेल तर फारच बरं होईल.

आणि पुढच्या वेळी कुणी “आपल्याकडे नाही होत” म्हणालं, तर मान हलवायच्या आधी एवढंच विचारा, “करून पाहिलं का?”

— तृतीय वर्ष, मेकॅनिकल